युद्धकालीन सेनानी आणि संग्रहित चलचित्रण : नेताजी बोस व भाई कोतवाल यांच्या संदर्भात

प्रास्ताविक

दुसऱ्या महायुद्धावरील माहितीपटांत त्या काळात टिपलेले चलचित्रण ऐतिहासिक पुरावा म्हणून वापरले जाते. सेनानी सलामी घेतो, सैनिक संचलन करतात, जनसमुदाय जयघोष करतो. ही दृश्ये खरी असतात, म्हणून त्यांतून व्यक्त होणारा इतिहासही पूर्ण आहे, असे प्रेक्षक गृहीत धरतो. प्रस्तुत लेखात या गृहीतकाची चिकित्सा केली आहे. त्यासाठी एकाच युद्धकाळातील दोन भारतीय नेते विचारात घेतले आहेत : आझाद हिंद सेनेचे नेताजी सुभाषचंद्र बोस आणि माथेरानचे हुतात्मा भाई कोतवाल.

कॅमेऱ्यासमोरील सेनानी

नेताजींचे युद्धकाळातील चलचित्रण प्रामुख्याने जर्मन व जपानी यंत्रणांनी केले. मे 1942 मधील हिटलर भेटीच्या दृश्यात ते नागरी पोशाखात दिसतात. जुलै 1943 मध्ये सिंगापूरच्या पडांग मैदानावर ते लष्करी गणवेशात सैन्याची मानवंदना स्वीकारतात. सुमारे एका वर्षात घडलेले हे स्थित्यंतर शब्दांपेक्षा चित्रातून अधिक ठळक होते. या दृष्टीने संग्रहित चलचित्रणाचे मूल्य निर्विवाद आहे.

तथापि चित्राला मर्यादाही असतात. नोव्हेंबर 1943 मध्ये टोकियो येथे बृहत्तर पूर्व आशिया परिषद भरली. तेथील दृश्यांत नेताजी विविध शासनप्रमुखांच्या समवेत दिसतात. प्रत्यक्षात ते तेथे निरीक्षक म्हणून उपस्थित होते. हा भेद चौकटीत दिसत नाही; तो लिखित साधनांतूनच कळतो. तसेच 1944 च्या इंफाळ मोहिमेतील उपासमार, आजार व माघार यांचा मागमूस संचलनाच्या दृश्यांत सापडणार नाही. जपानी वृत्तपटांचा हेतू आशियाई एकजुटीचे दर्शन घडविणे हा होता. नेताजींचा हेतू भारताच्या स्वातंत्र्याचा होता. एकाच चौकटीत दोन भिन्न हेतू वावरत आहेत, याची जाणीव समीक्षकाने ठेवली पाहिजे.

कॅमेऱ्याबाहेरील सेनानी

विठ्ठल लक्ष्मण ऊर्फ भाई कोतवाल यांचा जन्म 1 डिसेंबर 1912 रोजी माथेरान येथे एका सामान्य नाभिक कुटुंबात झाला. वकिलीचे शिक्षण घेतलेल्या या तरुणाने माथेरान व कर्जत परिसरात शाळा आणि शेतकऱ्यांसाठी धान्यकोठारे चालविली. 1942 च्या आंदोलनात त्यांनी भूमिगत होऊन 'आझाद दस्ता' उभारला. खोपोली व भिवपुरी येथील जलविद्युत केंद्रांमुळे हा टापू मुंबईच्या वीजपुरवठ्याच्या दृष्टीने महत्त्वाचा होता. दस्त्याने मुंबईकडे वीज नेणारे मनोरे पाडून युद्धकालीन उद्योग व रेल्वे यांना अडथळा निर्माण केला. 2 जानेवारी 1943 रोजी सिद्धगडच्या जंगलात पोलिसांच्या गोळीबारात भाई कोतवाल व हिराजी पाटील यांना वीरमरण आले.

कोतवाल हे गणवेशधारी सेनापती नव्हते. परंतु शस्त्र, शिस्त, गुप्तता आणि निश्चित लक्ष्य असलेल्या पथकाचे ते नेते होते. म्हणून त्यांचा विचार युद्धकालीन नेतृत्वात करणे योग्य ठरते. त्यांच्या लढ्याची पहिली अट अदृश्य राहणे ही होती. सेनापतीला आपला चेहरा सैन्याला दाखवावा लागतो. भूमिगत नायकाचा चेहरा ओळखला गेला की पथकच संपते. त्यामुळे सलामीचे दृश्य येथे संभवतच नाही.

दुसरे कारण यंत्रणेचे आहे. 1940 मध्ये स्थापन झालेले फिल्म ॲडव्हायझरी बोर्ड आणि 1943 मध्ये सुरू झालेला 'इंडियन न्यूज परेड' हा वृत्तपट ब्रिटिश सरकारच्या युद्धप्रचारासाठी होते. व्ही. शांताराम यांच्यासारख्या श्रेष्ठ दिग्दर्शकाने बोर्डाचे काम काही काळ पाहिले, तरी त्याचे प्रयोजन सरकारनेच ठरविले होते. विजेचे मनोरे पाडणाऱ्यांना नायक म्हणून दाखविणे अशा यंत्रणेकडून अपेक्षितच नव्हते.

माहितीपटाची जबाबदारी

यातून एक गंभीर प्रश्न उद्भवतो. ज्याचे चलचित्रण उपलब्ध, त्याच्यावर माहितीपट निघणे सोपे. ज्याचे नाही, तो दृश्य इतिहासातून हळूहळू वगळला जातो. म्हणजे स्वातंत्र्योत्तर काळातही कोण दिसावे, याचा निर्णय काही अंशी 1943 मधील कॅमेऱ्याचे मालकच करीत राहतात. 'शहीद भाई कोतवाल' (2020) या मराठी चित्रपटाने अभिनयाद्वारे ही उणीव भरून काढण्याचा प्रयत्न केला. मात्र कथापट हा माहितीपटाला पर्याय ठरत नाही. माथेरानची वस्ती, सिद्धगडची वाट, सरकारी कागदपत्रे आणि गावोगावच्या मौखिक आठवणी ही माहितीपटाची अस्सल सामग्री आहे. चित्र नसल्याची पोकळी खोट्या दृश्यांनी न भरता, ती पोकळी का निर्माण झाली हे सांगणे अधिक प्रामाणिक होय.

निष्कर्ष

संग्रहित चलचित्रण नेत्याची उपस्थिती सिद्ध करते; त्याच्या कार्याचे मोजमाप करीत नाही. नेताजींच्या दृश्यांचे वाचन करताना कॅमेरा कोणाचा होता हे विचारावे लागते. कोतवालांच्या बाबतीत कॅमेरा का नव्हता हे विचारावे लागते. महाविद्यालयांत इतिहासाचे अध्यापन करताना माहितीपट दाखविण्याची पद्धत रूढ होत असताना हे दोन्ही प्रश्न विद्यार्थ्यांसमोर ठेवले जाणे आवश्यक आहे. अन्यथा कर्जत-खालापूरचा विद्यार्थी सिंगापूरचे संचलन ओळखेल, परंतु घराशेजारच्या डोंगरात लढलेल्या दस्त्याविषयी अनभिज्ञ राहील.