'मुंबईचे वर्णन' : वेशीबाहेरच्या शहराची नोंद

गोविंद नारायण माडगावकर यांचे 'मुंबईचे वर्णन' १८६३ साली प्रसिद्ध झाले. मुंबई शहराविषयी इतके सविस्तर लिहिलेले हे पहिले पुस्तक, आणि ते मराठीत आहे, ही गोष्ट आपल्याकडे अभिमानाने सांगितली जाते. पुस्तक मात्र फारसे वाचले जात नाही. अलीकडे मुरली रंगनाथन यांनी त्याचा इंग्रजी अनुवाद केल्यावर नगर-इतिहासाच्या अभ्यासकांचे त्याकडे नव्याने लक्ष गेले. मराठी वाचकाने, आणि त्यातही मुस्लिम मराठी वाचकाने, हे पुस्तक का वाचावे, याचा विचार प्रस्तुत लेखात करायचा आहे.

मुंबईच्या वास्तूंचा इतिहास सांगण्याची एक ठरलेली रीत आहे. १६६१ साली पोर्तुगीजांनी हे बेट इंग्रज राजाला लग्नात आंदण दिले, इथून सुरुवात होते. मग किल्ला, किल्ल्याच्या तीन वेशी, १८०३ ची मोठी आग, गव्हर्नर फ्रिअरच्या कारकिर्दीत १८६२ पासून पाडलेला तट आणि त्या मोकळ्या जागेवर उभ्या राहिलेल्या गॉथिक इमारती. क्रॉफर्ड मार्केट १८६९, राजाबाई टॉवर १८७८, बोरीबंदरचे स्टेशन १८८८. स्टेशनचा आराखडा एफ. डब्ल्यू. स्टीव्हन्सचा. २००४ साली हे स्टेशन आणि २०१८ साली ओव्हल मैदानाभोवतीच्या गॉथिक व आर्ट डेको इमारती जागतिक वारसा यादीत गेल्या. यातले काहीच खोटे नाही. पण या वाक्यांतला कर्ता नेहमी गव्हर्नर किंवा आर्किटेक्ट असतो. वेशीबाहेरच्या वस्तीचा उल्लेख येतो तो आग, गर्दी, रोगराई आणि दंगा यांच्या संदर्भातच. भेंडीबाजार, डोंगरी, पायधुनी, मदनपुरा ही नावे वास्तुइतिहासापेक्षा पोलिसांच्या बातम्यांत जास्त सापडतात.

माडगावकरांचे पुस्तक या रीतीच्या आधीचे आहे, हे त्याचे पहिले महत्त्व. ते लिहिले जात होते तेव्हा तट पाडायला नुकती सुरुवात झाली होती. आज पोस्टकार्डावर दिसणारी मुंबई अजून बांधलीच गेली नव्हती. १८६५ साली लेखक वारले, म्हणजे त्यांनी ती पाहिलीही नाही. त्यांच्यापुढे होती ती बंदरांची, बाजारांची, तलावांची आणि देवळा-मशिदींची मुंबई. आगगाडीला दहा वर्षे झाली होती, कापसाची गिरणी ताजी होती, विहारचे पाणी नळाने नुकतेच शहरात आले होते. वर्णनाला भव्य इमारती फारशा नसल्यामुळे लेखकाला माणसे, धंदे आणि रस्ते यांच्याकडे पाहावे लागले, आणि त्यातच पुस्तकाचे भले झाले.

दुसरे महत्त्व दृष्टीचे. माडगावकरांचा जन्म १८१५ चा, गोव्यातला. लहानपणी ते मुंबईत आले आणि पुढे शिक्षक झाले. स्वच्छता, दारूचे दुष्परिणाम अशा विषयांवर त्यांनी लहान पुस्तके लिहिली. हा शिक्षकी पिंड 'वर्णना'त जागोजागी दिसतो. गावाकडून आलेल्या पाहुण्याचा हात धरून शहर फिरवावे तसे ते लिहितात. हा बाजार कशाचा, हा तलाव कोणी बांधला, इथे कोणती जात कोणता धंदा करते, अमुक संस्था कोणाच्या पैशातून चालते. इमारतीच्या कमानी कोणत्या शैलीच्या आहेत यापेक्षा ती कोणाच्या उपयोगाची आहे, याची त्यांना जास्त काळजी आहे. शहराचा इतिहास म्हणजे वापराचा इतिहास, हे तत्त्व त्यांनी कुठे मांडले नाही. ते पाळले.

परंतु कौतुकापाशी थांबलो तर ती समीक्षा होणार नाही. पुस्तकाची मर्यादाही नेमकी याच पद्धतीत आहे. शहर जातवार मांडले की प्रत्येक जात आपापल्या खान्यात बसते. कोकणी मुसलमान, बोहरी, खोजे, मेमन, मोगल अशी आपली माणसे पुस्तकात आहेत. त्यांचा पेहराव आहे, व्यापार आहे, सण आहेत. मात्र वर्णन उंबऱ्याबाहेर उभे राहून केलेले आहे. लेखक सभ्य आहे, कुतूहल असलेला आहे, द्वेष करणारा नाही. पण तो पाहुणा आहे, आणि ज्या घरात आपण बसलो नाही त्या घराचे ओटीपर्यंतचेच वर्णन करता येते. हा दोष त्यांच्या एकट्याच्या माथी मारण्यात अर्थ नाही. आतली बाजू लिहिणारा आतला माणूस मराठीत तेव्हा पुढे आला नाही, हेही तितकेच खरे.

आतली बाजू म्हणजे काय, हे एका उदाहरणाने पाहू. क्रॉफर्ड मार्केटजवळची जामा मशीद १८०२ साली पूर्ण झाली. कापडबाजारातून जाणाऱ्याला ती बाहेरून चांगल्या बांधणीची मोठी मशीद वाटते. आत गेल्यावर कळते की ती एका जुन्या तलावावर उभी आहे. जागा एका कोकणी मुसलमान व्यापाऱ्याची होती आणि तलाव जसाच्या तसा राहील या अटीवर ती मशिदीसाठी मिळाली, असे गॅझेटियरमध्ये नोंदले आहे. पाण्यातून कमानी उचलून वर मशीद बांधली. तळाच्या झऱ्यांचे पाणी आजही तिथे आहे, त्यात मासे आहेत, कासवे आहेत, आणि नमाजी पायऱ्या उतरून तिथेच वजू करतात. १८३७ साली महंमद अली रोघे या कोकणी व्यापाऱ्याने वरचा मजला चढवला. रोघे हे जमशेटजी जीजीभाईंचे व्यापारातले भागीदार.

आता या इमारतीचा वास्तुकार कोण? एका माणसाचे नाव सांगता येत नाही. एका व्यापाऱ्याची अट, गवंड्यांचे कसब, दुसऱ्या व्यापाऱ्याचा पैसा आणि रोज पाच वेळा पाणी वापरणारी माणसे, या सगळ्यांनी ती घडवली. शहरातले बहुतेक तलाव बुजले, हा का टिकला, याचे उत्तरही त्या अटीत आणि त्या रोजच्या वापरात आहे. आर्किटेक्टच्या नावाने चालणाऱ्या इतिहासात अशी इमारत बसत नाही. माडगावकरांच्या पद्धतीत ती बसते, फक्त तिच्या पायऱ्या उतरलेला माणूस लिहिणारा हवा.

तलावांची गोष्ट पुढे नेण्यासारखी आहे. धोबीतलाव, गवालिया तलाव, खारा तलाव, बाबुला टँक, दो टाकी. आज या ठिकाणी जाणाऱ्याला पाणी सापडत नाही, नाव सापडते. नळ आल्यावर तलाव अनावश्यक ठरले, पुढे हिवतापाच्या भीतीने विहिरी-टाक्यांवर गदा आली. इमारती पडतात, पाणी बुजते, पण बोलीतले नाव राहते. म्हणून शहराच्या इतिहासाचे एक साधन लोकांच्या तोंडी असते, आणि दो टाकीच्या आसपास ते तोंड दखनी-उर्दू आणि कोकणी बोलते. मराठी अभ्यासकाने या भाषांना परके मानले तर त्याच्याच शहराचा एक मोठा कागद त्याला वाचता येणार नाही.

माहीमचेही तसेच. मखदूम अली माहिमी यांचा काळ १३७२ ते १४३१. कुराणाचे अरबी भाष्य लिहिणारा हा विद्वान माहीमच्या खाडीकाठी राहिला आणि तिथेच दफन झाला. पोर्तुगीज येण्याच्या शंभर वर्षे आधी या बेटांवर विद्येचे असे एक ठाणे होते. तरीही 'मच्छीमारांच्या सात बेटांवर इंग्रजांनी शहर वसवले' हे वाक्य शाळेच्या पुस्तकांपासून भाषणांपर्यंत चालत राहते. माहीमच्या उरुसाची गर्दी सगळ्यांना माहीत असते, त्या दर्ग्याचे वय फार थोड्यांना.

१८९६ च्या प्लेगनंतर १८९८ साली सुधारणा ट्रस्ट स्थापन झाला. नागपाड्यापासून त्याच्या योजना सुरू झाल्या. दाट वस्त्या फोडून रुंद रस्ते काढले गेले, पुढे महंमद अली रोडही झाला. हवा-उजेड आला हे मान्य केले पाहिजे. पण ज्यांची घरे रस्त्यात गेली ते कुठे गेले, हा प्रश्न अहवालात एका आकड्यापुरता उरतो. त्याच रस्त्यावरून २००२ साली उड्डाणपूल गेला आणि दुसऱ्या मजल्याच्या खिडकीसमोर मोटारी धावू लागल्या. भेंडीबाजारात २००९ पासून साडेसोळा एकरांवरच्या सुमारे अडीचशे जुन्या इमारतींच्या जागी उंच मनोरे उभारण्याचे काम हाती घेतले गेले. पडक्या इमारतीत जीव मुठीत धरून राहावे, असे कोणी म्हणणार नाही. परंतु पाडण्याआधी त्या चाळींचे, दुकानांचे, सामाईक नळाचे वर्णन कोणी लिहून ठेवले का, हे विचारले पाहिजे. तट पडत असताना एका शिक्षकाने शहराची यादी करून ठेवली, म्हणून आज आपल्याला ते शहर कळते.

मुंबईची वेशीबाहेरची बाजू मराठीत आली ती बरीच उशिरा. १९६३ साली बाबूराव बागूलांचे 'जेव्हा मी जात चोरली होती' आले, १९६६ साली नारायण सुर्व्यांचे 'माझे विद्यापीठ', आणि पुढे नामदेव ढसाळांचे 'गोलपिठा'. हे लिहिणारे त्या वस्तीत वाढलेले होते. वर्णन आणि साक्ष यांतला फरक इथे कळतो. माडगावकरांनी वर्णन दिले, या लेखकांनी साक्ष दिली. आपल्या मोहल्ल्यांना दोन्हींची गरज आहे.

हे मुंबईपुरते नाही. आमच्या सोलापूरचा किल्लाही लग्नात आंदण गेला होता. अहमदनगरची चाँदबिबी विजापूरच्या अली आदिलशहाला दिली तेव्हा. पुढचा इतिहासही मुलांना पाठ असतो. १८५२ ची नगरपालिका, १८७७ ची जुनी गिरणी, १९३० चा मार्शल लॉ, १९३१ साली फाशी गेलेले चार हुतात्मे, त्यांत कुर्बान हुसेन. पण पेठेतल्या मागावरच्या, गिरणीच्या पाळीच्या, विडीच्या पत्त्याच्या सोलापूरचे वर्णन विचारले की मुले गप्प होतात. मी राहतो ते श्रीपूर तर साखर कारखान्याभोवती वाढलेले गाव. त्याला वारसा यादीत जाईल अशी वास्तू नाही. म्हणून त्याला इतिहास नाही, असे मी स्वतःही बरीच वर्षे समजत होतो.

'मुंबईचे वर्णन' वाचल्यावर मी सातवीच्या वर्गाला 'माझी गल्ली' हा विषय मराठीत लिहायला दिला. उर्दू माध्यमाची मुले, मराठी बेताचे. बहुतेकांनी ताजमहाल आणि गेटवे ऑफ इंडियाचीच वाक्ये घोकून लिहिली, कारण वर्णन म्हणजे प्रसिद्ध इमारतीचे वर्णन, हे आम्हीच त्यांना शिकवले होते. एका मुलीने मात्र मशिदीसमोरच्या बोअरविषयी लिहिले. वर्गणी कोणी कोणी दिली, मोटर कोण चालू करतो, पाण्याला पहिला नंबर कोणाचा आणि उन्हाळ्यात भांडण कशावरून होते. शुद्धलेखनाच्या चुका अठरा होत्या. मी त्या लाल शाईने दुरुस्त केल्या, आणि ती वही तिला परत देण्याआधी स्वतःसाठी उतरवून घेतली.

शेख, श्रीपूर