१९ मिनिटं आणि शंभर एपिसोड

४ फेब्रुवारी २००४ ला अमेरिकेतल्या मॅसॅच्युसेट्स राज्यात, हार्वर्ड विद्यापीठाच्या वसतिगृहातून फेसबुक सुरू झालं. पाच दिवसांनी त्याच राज्यातल्या अ‍ॅमहर्स्ट इथल्या विद्यापीठात नर्सिंग शिकणारी २१ वर्षांची मॉरा मरी आपली गाडी घेऊन निघाली आणि आजवर परत आलेली नाही. या दोन गोष्टींचा एकमेकींशी काही संबंध नाही. पण मॉराबद्दल पुढे जे लिहिलं, बोललं आणि ऐकलं गेलं, ते समजून घ्यायला हा योगायोग कामाचा आहे. तिच्या आधीही माणसं बेपत्ता होत होतीच. मात्र त्यांना शोधायला लाखो अनोळखी लोक मोबाईल घेऊन बसलेले नव्हते.

या प्रकरणावर एक गाजलेलं पुस्तक आहे, शंभरहून जास्त एपिसोडचा पॉडकास्ट आहे, टीव्ही मालिका आहे आणि अलीकडे तिच्या बहिणीने केलेला वेगळा पॉडकास्ट आहे. ट्रू क्राइम ऐकत ऑफिसला जाणाऱ्या माझ्या पिढीने यातलं काही ना काही ऐकलेलं असतं. मला इथे 'मॉराचं काय झालं' हे सांगायचं नाहीये. या चार कलाकृती तिच्याशी कशा वागतात, हे बघायचंय.

आधी घटना. ९ फेब्रुवारी २००४ ला मॉराने प्राध्यापकांना ईमेल केला की घरात मृत्यू झालाय, आठवडाभर येणार नाही. घरच्यांच्या म्हणण्यानुसार तसा कुठलाही मृत्यू झालेला नव्हता. तिने एटीएममधून २८० डॉलर काढले, दारू विकत घेतली आणि दुपारनंतर उत्तरेकडे निघाली. संध्याकाळी दोनशेहून जास्त किलोमीटरवर, न्यू हॅम्पशायरमधल्या हेव्हरिल गावाजवळ, रूट ११२ च्या एका वळणावर तिची काळी सॅटर्न गाडी रस्त्याबाहेर गेली. ७ वाजून २७ मिनिटांनी तिथल्या एका रहिवाशाने फोन करून अपघात कळवला. शाळेची बस चालवणारा एक शेजारी तिच्याशी बोलला. मदत मागवली आहे, पोलिसांना बोलवू नका, असं ती म्हणाली. त्या भागात मोबाईलला रेंज नसते हे माहीत असल्यामुळे त्याने घरी जाऊन पोलिसांना फोन केलाच. पोलीस ७ वाजून ४६ मिनिटांनी पोहोचले, अशी नोंद आहे. गाडी कुलूपबंद होती. मॉरा नव्हती.

पहिल्या फोनपासून १९ मिनिटं. बाकी सगळं या १९ मिनिटांवर उभं आहे.

मी सॉफ्टवेअरमध्ये काम करतो. सर्व्हर बंद पडला की लॉग उघडायचे, वेळा जुळवायच्या, कशानंतर काय झालं ते लावायचं, हे आमचं रोजचं काम. त्यामुळे या प्रकरणातल्या मिनिटामिनिटाच्या टाइमलाइन वाचताना सगळ्यात आधी जे खटकतं ते असं, की त्या रात्रीची सगळी घड्याळं एकच वेळ दाखवत होती असं गृहीत धरलेलं असतं. एक वेळ डिस्पॅचरच्या नोंदीतली, दुसरी साक्षीदाराच्या आठवणीतली, तिसरी 'टीव्हीवर अमुक कार्यक्रम चालू होता' यावरून काढलेली. एकाच कंपनीच्या दोन मशीनची घड्याळं जुळलेली नसतील तर आम्ही त्यांच्या लॉगमधली कुठली घटना आधीची हे ठरवायला कचरतो. इथे तीन मिनिटांच्या फरकावर एखाद्या जिवंत माणसाला संशयित ठरवलं जातं.

दुसरी अडचण ओव्हरफिटिंगची. माहिती थोडी आणि कल्पना भरपूर असल्या की कुठलीही कहाणी माहितीत चपखल बसते. तिच्या गाडीच्या एक्झॉस्ट पाइपमध्ये एक फडकं सापडलं होतं. त्या फडक्यावर केवढे इमले उभे राहिले! कोणी म्हणालं आत्महत्येचा प्रयत्न, कोणी म्हणालं कुणीतरी मुद्दाम गाडी बंद पाडली. तिचे वडील फ्रेड मरी यांनी सांगितलं की गाडी धूर सोडत होती आणि फडकं लावायला त्यांनीच सुचवलं होतं. तिच्या खोलीतलं सामान खोक्यांत भरलेलं दिसलं, म्हणजे कायमची निघून जायची तयारी होती, असं एक मत. सुट्टीवरून आल्यावर तिने सामान काढलंच नसेल, हेही तितकंच शक्य. एकाच पुराव्यातून दोन उलटे निष्कर्ष निघत असतील, तर त्या पुराव्यात निष्कर्ष काढण्याइतकी माहितीच नाही. हे मान्य करणं कंटाळवाणं असतं, आणि कंटाळा हा या माध्यमाचा शत्रू आहे.

आता पुस्तक. जेम्स रेनर या पत्रकाराचं 'ट्रू क्राइम अ‍ॅडिक्ट' २०१६ साली आलं. रेनर ओहायोचा. लहानपणी त्याच्या भागातून त्याच्याच वयाच्या एका मुलीचं अपहरण झालं आणि तिचा खून झाला. ते प्रकरण त्याच्या डोक्यातून कधी गेलंच नाही. पुस्तकात मॉराचा शोध आणि रेनरचं स्वतःचं घसरणारं आयुष्य शेजारी शेजारी चालतं. शीर्षकातच व्यसनाची कबुली आहे. वाचायला सुरुवात केली की खाली ठेववत नाही, हे कबूल करायला हवं. स्वतःबद्दल लिहिताना तो हातचं राखत नाही.

पण पुस्तकाचा दोष याच प्रामाणिकपणात आहे. 'मी व्यसनी आहे' असं लेखकाने आधीच सांगून टाकलं की वाचक त्याला पुढचं सगळं माफ करतो. आणि पुढचं सगळं मॉराच्या खर्चाने चालतं. तिच्या जुन्या चुका, नात्यांमधले ताण, ज्यांचा बेपत्ता होण्याशी संबंध आहे हे कुणी सिद्ध केलेलं नाही, ते सगळं 'तपास' म्हणून पानावर येतं. मी ते इथे पुन्हा लिहीत नाही. घरच्यांनी सहकार्य केलं नाही, तर त्या नकाराकडेही संशयाने बघितलं जातं. वीस-एकवीस वर्षांच्या कुणाचंही आयुष्य असं उलटंपालटं करून झटकलं तर दोनचार लाजिरवाण्या गोष्टी खाली पडतीलच. तुमच्या पडतील, माझ्याही पडतील. त्यावरून आपण कुठे गेलो हे कळणार नाही.

टिम पिलेरी आणि लान्स रीनस्टिएर्ना यांचा 'मिसिंग मॉरा मरी' हा पॉडकास्ट २०१५ साली सुरू झाला. या दोघांचा सूर रेनरपेक्षा खूप सौम्य आहे, आणि गडबडीने निकाल द्यायची त्यांना घाई नाही. त्यांची खरी अडचण त्यांच्या हेतूत नसून साच्यात आहे. पॉडकास्टला पुढचा एपिसोड लागतो. तपास थंड पडलेल्या प्रकरणात पुढचं काही घडतच नसतं, म्हणून तर ते थंड पडलेलं. मग रिकामी जागा कशाने भरायची? थिअरी असलेल्या माणसांनी. मग त्या थिअरींवरच्या थिअरींनी. हळूहळू प्रकरण मागे पडतं आणि प्रकरणाभोवती जमलेली माणसं, त्यांची भांडणं, त्यांचे गट हाच विषय होतो.

२०१७ साली ऑक्सिजन वाहिनीवर सहा भागांची मालिका आली. पत्रकार मॅगी फ्रेलेंग आणि माजी यूएस मार्शल आर्ट रॉडरिक तिच्यात तपास करत फिरतात. मालिकेची जमेची बाजू म्हणजे ती जागा दाखवते. तो अरुंद रस्ता, ते वळण, दोन्हीकडचं जंगल. नकाशा बघून मत मांडणाऱ्यांना हे कळणं गरजेचं होतं. पण टीव्हीला प्रत्येक ब्रेकआधी एक धक्का हवा असतो. त्यामुळे एखादा मुद्दा उत्कंठा वाढवत उघडला जातो आणि ब्रेकनंतर तो पोकळ निघाला तर गुपचूप बाजूला ठेवला जातो.

मॉराला शोधायचा दावा करणाऱ्या या गर्दीत काय काय उगवू शकतं, याचं एकच उदाहरण पुरेसं आहे. २०१२ साली, तिला बेपत्ता होऊन आठ वर्षं झाली त्या सुमारास, यूट्यूबवर एक व्हिडिओ आला. त्यात एक माणूस कॅमेऱ्याकडे बघून हसत राहतो आणि शेवटी त्या दिवसाच्या 'शुभेच्छा' देतो. इंटरनेटने त्या व्हिडिओची चिरफाड केली, त्यावर रात्री जागवल्या. मॉराच्या घरच्यांनी तो व्हिडिओ कसा बघितला असेल, हा प्रश्न कुठल्या थिअरीत बसत नाही.

आता दुसरी बाजूही मांडायला हवी. एवढी चर्चा झाली नसती तर प्रकरण विसरलं गेलं असतं, असं या माध्यमाचे चाहते म्हणतात. त्यात तथ्य आहे. पोलिसांनीही ती जागा रिकामी ठेवली होती. पहिला व्यवस्थित शोध ११ फेब्रुवारीला, म्हणजे दीड दिवस उलटून गेल्यावर झाला. वास घेणारा कुत्रा रस्त्याने साधारण शंभर यार्ड गेला आणि थांबला. तपासाची कागदपत्रं मिळावीत म्हणून फ्रेड मरी कोर्टात गेले, आणि २००६ मध्ये प्रकरण राज्याच्या सर्वोच्च न्यायालयापर्यंत पोहोचलं. कागद उघडे केले तर तपासाला बाधा येईल, हे सरकारचं म्हणणं. जिथे अधिकृत माहिती नसते तिथे अफवा राहायला येते, हे आपल्यालाही नवीन नाही.

पण अधिकृत तपास पुढे कसा चालला, तेही बघा. २००९ मध्ये न्यू हॅम्पशायरने कोल्ड केससाठी स्वतंत्र पथक नेमलं आणि मॉराचं प्रकरण त्याच्याकडे गेलं. २०१९ मध्ये परिसरातल्या एका घराचं तळघर खोदलं, काही मिळालं नाही. २०२१ मध्ये लून माउंटन इथे हाडांचे तुकडे सापडले, चाचणी झाली, ते तिचे नव्हते. २०२२ च्या जानेवारीत एफबीआयने तिची माहिती देशभरच्या तपास यंत्रणांसाठी प्रसृत केली, म्हणजे कुठे अनोळखी अवशेष किंवा जुळणारा गुन्हा सापडला तर ताडून बघता यावं. ही सगळी 'नाही' अशी उत्तरं आहेत. कोल्ड केसचं काम असंच असतं. एकेक शक्यता तपासायची आणि खोडायची. आमच्याकडेही बग शोधताना 'हे कारण नाही' असं खात्रीने सांगणारा माणूस सगळ्यात मोलाचा असतो. त्याच्यावर कुणी एपिसोड करत नाही.

इथे मला चौथी कलाकृती महत्त्वाची वाटते. २०२३ मध्ये मॉराची बहीण जूली मरी हिने 'मीडिया प्रेशर' हा पॉडकास्ट केला. तिच्यासोबत होती सारा टर्नी, जिची स्वतःची बहीण २००१ पासून बेपत्ता आहे. जूली तटस्थ नाही आणि तसा आवही आणत नाही. घरच्यांची बाजू ती घरच्यांची बाजू म्हणूनच मांडते. काही ठिकाणी मला तिच्यापेक्षा जास्त कठोर प्रश्न ऐकायला आवडले असते, विशेषतः कुटुंबाला शेवटच्या काही दिवसांबद्दल काय माहीत होतं त्याविषयी. पण या चौघांत ती एकटीच अशी आहे, जिच्या बोलण्यात मॉरा कोडं न राहता माणूस होते. धावायची आवड असलेली, मोठ्या बहिणीच्या पाठोपाठ लष्करी अकादमीत गेलेली आणि नंतर तिथून बाहेर पडून नर्सिंगकडे वळलेली मुलगी. आणि जूली प्रश्न विचारते तो बहुतेक वेळा मॉराला नसतो, यंत्रणेला असतो. पहिल्या दोन दिवसांत काय झालं? काय करायला हवं होतं?

मला हा फरक निर्णायक वाटतो. 'ती कशी होती' या प्रश्नाला अंत नाही, आणि उत्तर द्यायला ती इथे नाही. 'कोणी काय करायला हवं होतं' याचं उत्तर द्यायला माणसं आहेत, पदं आहेत, कागद आहेत. टीकेचा निकष म्हणून मी हाच वापरतो: कलाकृती प्रश्न कुणाला विचारते आहे? गैरहजर असलेल्या मुलीला, की हजर असलेल्या जबाबदार माणसांना?

आपल्या वर्तमानपत्रांत अजूनही 'बेपत्ता' म्हणून छोटी चौकट येते. नाव, वय, उंची, बांधा, रंग, अंगावरचे कपडे, बोलता येणाऱ्या भाषा. खाली पोलीस ठाण्याचा नंबर. त्या चौकटीत स्वभाव नसतो, प्रेमप्रकरणं नसतात, जुन्या चुका नसतात. वाचणाऱ्याकडून एकच गोष्ट मागितलेली असते: दिसली तर कळवा. चौकट लहान असते कारण शोधायला तेवढंच लागतं. मॉरावरचे शेकडो तास ऐकताना स्वतःला विचारून बघावं, यातलं किती त्या चौकटीत बसलं असतं, आणि उरलेलं कुणासाठी होतं.

ऐकायचंच असेल तर 'मीडिया प्रेशर'पासून सुरुवात करा. टीव्ही मालिकेतली ती जागा बघा. रेनरचं पुस्तक सगळ्यात शेवटी वाचा, आणि वाचताना ते रेनरबद्दल आहे हे लक्षात ठेवा. मॉराचा जन्म मे १९८२ चा, म्हणजे आता तिने चाळिशी ओलांडलेली असती. तिची फाइल आजही उघडी आहे.