अरुणा राजे : ‘मासूम’ची कात्री आणि ‘रिहाई’

मंडळी, नट-नट्यांची नावं आपल्याला तोंडपाठ असतात. सिनेमा कापून-जोडून उभा करणाऱ्याचं नाव पडद्यावर येतं तेव्हा आपण अजून अंधारात खुर्ची शोधत असतो. म्हणून आज बाळापुरात बोलायचं आम्ही ठरवलं ते एका संकलकाबद्दल, अरुणा राजे यांच्याबद्दल.

पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमधून त्या १९६९ साली शिकून बाहेर पडल्या. संकलनाचं रीतसर शिक्षण घेतलेली बाई तेव्हा या धंद्यात शोधूनही सापडत नव्हती. पुढे विकास देसाई यांच्यासोबत ‘अरुणा-विकास’ या नावानं त्यांनी ‘शक’, ‘गहराई’, ‘सितम’ हे सिनेमे केले. पैकी ‘गहराई’ (१९८०) जरूर पाहा. लेखनात विजय तेंडुलकर, बापाच्या भूमिकेत डॉ. लागू आणि झपाटलेली मुलगी पद्मिनी कोल्हापुरे. लोक भुताचा सिनेमा म्हणून गेले असतील, पण तिथं बापाचं जुनं पाप मुलीच्या तोंडून बाहेर पडतं. भूत हे निमित्त आहे.

आता ‘मासूम’ (१९८३). दिग्दर्शन शेखर कपूर यांचं, संकलन अरुणा-विकास यांचं. तेव्हा फिल्म हातानं कापायची आणि हातानंच चिकटवायची. गोष्ट तुम्हाला माहीत आहे. नवऱ्याचं लग्नाबाहेरचं पोर घरी येतं. आता बायकोनं काय करायचं? शेवटी तीच त्या पोराला घरी आणते, आणि आपण डोळे पुसतो. आम्हीही पुसले, खोटं कशाला बोला! पण चूक त्याची आणि मन मोठं करायचं तिनं, हा हिशेब आपल्याला खटकत नाही, इतका तो सिनेमा सफाईनं जोडलेला आहे.

पाच वर्षांनी, १९८८ साली, ‘रिहाई’ आला. तो एकट्या अरुणा राजेंचा. इथं तोच हिशेब उलटा मांडलाय. गावचे पुरुष कामासाठी मुंबईला, बायका गावात. (आपल्या तालुक्यातली किती माणसं आज पुण्याला, सुरतेला आहेत, ते मोजा म्हणजे कळेल.) दुबईहून परतलेला मनसुख, म्हणजे नसीरुद्दीन शाह. ‘मासूम’मधला चुकलेला नवरासुद्धा तोच, बरं का! हेमा मालिनीच्या टकूला त्याच्यापासून दिवस जातात, आणि ती पोट पाडायला नकार देते. प्रश्न गावापुढे येतो तेव्हा सिनेमा उलट विचारतो : शहरात राहून पुरुषांनी काय केलं, ते कोण विचारणार? नवऱ्याच्या पोराला माफी मिळते, मग बायकोच्या पोराला का नाही? दिग्दर्शिकेनं हे ‘मासूम’ला उत्तर म्हणून केलं, असा आमचा दावा नाही. दोन्ही सिनेमे लागोपाठ पाहिले की मात्र ते एकमेकांशी भांडताना दिसतात.

‘रिहाई’त उणं काय? शेवटाकडे माणसं बोलायच्या ऐवजी भाषण करतात. जिला कुठं कापायचं हे इतकं कळतं, तिनं संवादांवर मात्र कात्री चालवली नाही.

हीच खोड ‘फायरब्रँड’मध्ये (२०१९, मराठी) जास्त जाणवते. उषा जाधवची सुनंदा वकील आहे, बलात्कार सोसलेली आहे. तिची घुसमट उषा जाधवच्या नुसत्या बघण्यातून कळते. तरी ती परत शब्दांत समजावली जाते. मग शेवटी सुनंदा लग्नाबाहेर पाऊल टाकते आणि नवऱ्याला सांगून मोकळी होते. हा प्रसंग अनेकांना पचला नाही. आम्हाला तो घाईचा वाटला, चुकीचा नाही. टकूनं नकार दिला त्याआधी तिचे एकटे दिवस आपण पाहिले होते. सुनंदाच्या वाट्याला तेवढा वेळ आलाच नाही.