बारांडोव्हची मधली फळी

बोहुमिल ह्राबलच्या कथांवर १९६५ साली ‘पर्ल्स ऑफ द डीप’ हा चित्रपट तयार झाला. लघुपट केले सात तरुण दिग्दर्शकांनी, पडद्यावर आले पाचांचेच. मेन्झेल, नेमेत्स, शोर्म, खितिलोवा आणि यिरेश हे पाचही प्रागच्या ‘फामू’ या चित्रपटशाळेतून शिकून बाहेर पडलेले. गळाले ते इव्हान पासेर आणि युराय हर्झ. पासेरला फामूनं मध्येच काढून टाकलेलं, हर्झ कठपुतळीचं शिक्षण घेऊन आलेला. दोघेही घडले सहाय्यक म्हणून. कारण लांबीचं होतं, त्यात डावपेच शोधू नयेत. तरी चेक नवसिनेमाचा इतिहास सांगताना एक गफलत आजही होते. सगळं श्रेय शाळेला जातं आणि सेटवरची शाळा विसरली जाते.

हर्झचं उदाहरण घ्या. झ्बिन्येक ब्रिनिखच्या ‘ट्रान्सपोर्ट फ्रॉम पॅराडाइज’मध्ये तेरेझिनच्या ज्यू वस्तीचं चित्रण आहे. त्याचा सहाय्यक हर्झ लहानपणी स्वतः नाझी छळछावण्यांतून वाचलेला. पुढे कादार आणि क्लोस यांच्या ऑस्करविजेत्या ‘द शॉप ऑन मेन स्ट्रीट’लाही तो सहाय्यक होता. ‘द क्रिमेटर’मध्ये (१९६९) नाझी काळातला गोडबोल्या दहनगृहवाला त्यानं ज्या थंड विनोदानं उभा केला, तो कुठल्याही वर्गात शिकवून येणारा नव्हे.

पासेर मिलॉश फोरमनचा सहाय्यक आणि सहलेखकही. फोरमनच्या ‘फायरमेन्स बॉल’ची कथा या मंडळींना एका गावातल्या अग्निशामकांच्या नाचाच्या कार्यक्रमात सापडली, आणि पडद्यावर त्याच गावचे खरे अग्निशामक आले. असल्या सिनेमात सहाय्यक निव्वळ हरकाम्या राहूच शकत नाही. खितिलोवा तर बारांडोव्ह स्टुडिओत आधी क्लॅप धरायची. तिच्या १९६३च्या पहिल्या मोठ्या चित्रपटाला मेन्झेल सहाय्यक होता.

ही साखळी चालली, कारण १९४५मध्ये चित्रपटउद्योग सरकारी झाला होता आणि काम असो-नसो, पगार चालू राहायचा. उमेदवारीला उसंत होती. अर्थात पगार देणारा हात गळाही धरू शकतो. १९६८च्या सोव्हिएत आक्रमणानंतर मेन्झेलचा ‘लार्क्स ऑन अ स्ट्रिंग’ वीसेक वर्षं डब्यात पडला, तो १९९०मध्ये बाहेर आला. त्या व्यवस्थेबद्दल उमाळे काढण्यात अर्थ नाही.

आज प्रागमध्ये ‘कसिनो रोयाल’, ‘जोजो रॅबिट’सारख्या परदेशी चित्रपटांची शूटिंग होतात, २०१०पासून स्थानिक खर्चातला काही भाग सरकार परत करतं. फर्स्ट असिस्टंटचं काम आता स्वतंत्र पेशा झालं आहे: कॉलशीट, गर्दीतले कलाकार, सूर्य मावळायच्या आत संपवायचे शॉट. हे कसबाचं काम आहे, त्याला कमी लेखू नये. मात्र परदेशी दिग्दर्शक पटकथा पक्की करूनच प्रागला उतरतो. त्याला रस्ता वेळेवर बंद करून देणारा माणूस हवा असतो. पासेरसारखा शेजारी बसून प्रसंग लिहिणारा त्याला नको असतो. चेक सिनेमाला मात्र तोच हवा आहे, आणि त्याच्यासाठी कॉलशीटवर रकाना नाही.