परीस, नामदेव आणि राजाईचा प्रश्न : ‘भक्तविजया’तील एका कथेचे पुनर्वाचन

प्रस्तावना

मानवी कल्पनेने निर्माण केलेल्या अद्भुत खनिजांपैकी मराठी मनाला सर्वांत परिचित असलेले खनिज म्हणजे परीस होय. भूगर्भशास्त्रात त्याला स्थान नाही. तथापि स्पर्शमात्रे लोखंडाचे सोने करणारा हा दगड मराठी वाङ्मयात सात शतकांहून अधिक काळ वावरत आला आहे. संतसाहित्याच्या अभ्यासात परिसाकडे प्रामुख्याने दृष्टान्त म्हणून पाहिले जाते. प्रस्तुत लेखात महिपतींच्या ‘भक्तविजय’ (१७६२) या ग्रंथातील नामदेव आणि परिसा भागवत यांच्या कथेचा विचार केला असून, या दगडाने उपस्थित केलेला एक प्रश्न कथेत अनुत्तरित राहतो, असे प्रतिपादन केले आहे.

दृष्टान्तातील परीस

‘ज्ञानेश्वरी’च्या नवव्या अध्यायात परिसाचा एक मार्मिक दृष्टान्त आहे. परीस फोडण्याच्या हेतूने जरी लोखंड त्याच्यावर आदळले, तरी त्या लोखंडाचे सोनेच होते. त्याप्रमाणे वैरभावाने ईश्वराकडे वळलेलाही तद्रूप होतो. समर्थ रामदासांनी ‘दासबोधा’तील सद्गुरुस्तवनात मात्र हीच उपमा अपुरी ठरविली आहे. परीस लोखंडाला सोने करतो, परंतु त्या सोन्याला परीसपण देत नाही. सद्गुरू शिष्याला आपल्यासारखे करतो. आद्य शंकराचार्यांच्या नावावर असलेल्या ‘शतश्लोकी’च्या आरंभीही हाच विचार आढळतो. या सर्व ठिकाणी परीस कोणाच्याही मालकीचा नाही. तो उसना दिला जात नाही, लपविला जात नाही, परत मागितला जात नाही. त्यामुळे तेथे केवळ त्याच्या गुणाचा विचार होतो, स्वामित्वाचा नाही.

कथेतील परीस

महिपतींच्या कथेत परीस प्रथमच मालमत्ता बनतो. परिसा भागवताला रुक्मिणीच्या कृपेने परीस लाभतो. त्याची पत्नी तो गुप्तपणे नामदेवांच्या पत्नीस, राजाईस देते. दारिद्र्याने गांजलेल्या त्या घरात लोखंडाचे सोने होते. हे कळताच नामदेव तो दगड चंद्रभागेत टाकून देतात. परिसा संतप्त होऊन आपला परीस मागतो, तेव्हा नामदेव नदीतील खडे ओंजळीत भरून काढतात आणि ते सारेच परीस ठरतात. परिसाचा अभिमान गळून पडतो व तो नामदेवांना शरण जातो.

या कथेचा गाभा केवळ वैराग्यात नाही. परिसाचे मोल त्याच्या दुर्मीळतेत आहे. वाळवंटातील प्रत्येक खडा परीस असेल, तर परीस बाळगण्याला काही अर्थ उरत नाही आणि सोन्यालाही लोखंडाहून अधिक किंमत राहत नाही. नामदेवांनी परीस नाकारला एवढेच नव्हे, तर त्याची मक्तेदारीच मोडून काढली. हा विचार निःसंशय श्रेष्ठ आहे.

राजाईचा प्रश्न

तथापि या कथेत राजाईचे काय होते? नामदेवांच्या गाथेत राजाईच्या नावावर असलेल्या अभंगांत संसाराच्या ओढाताणीची तक्रार थेट रुक्मिणीकडे मांडलेली आहे. तो स्वर लोभाचा नसून चुलीचा आहे. परीस नदीत टाकण्याने लोभाला उत्तर मिळते, खड्यांचे परीस होण्याने अहंकाराला उत्तर मिळते. भुकेला मात्र उत्तर मिळत नाही. राजाईला सोने नको होते. सोने विकून येणारे धान्य हवे होते. परंपरेने नामदेवांचा त्याग गौरविला, परंतु तो त्याग ज्या घराने सोसला त्याची दखल क्वचितच घेतली.

आधुनिक कल्पित साहित्यातही हा पेच दिसतो. मार्व्हलच्या चित्रकथांमधील वाकांडा या काल्पनिक आफ्रिकी देशाकडे वायब्रेनियम नावाचे अद्भुत खनिज आहे. १९६६ साली अवतरलेल्या या देशावरील ‘ब्लॅक पँथर’ (२०१८) या चित्रपटात, हे वैभव जगापासून लपवावे की वंचितांसाठी खुले करावे, हाच मुख्य संघर्ष आहे. वाकांडा खनिज लपवितो. नामदेव ते बुडवितात. गरजूंचा वाटा कोणता, हे चित्रपटात उघडपणे विचारले जाते. महिपतींच्या कथेत ते राजाईच्या मौनात राहते.

बीड जिल्ह्यातील वर्गात ही कथा शिकविताना हे मौन दुर्लक्षून चालणार नाही. दरवर्षी साखर कारखान्यांचा हंगाम सुरू होताच येथील लाखो ऊसतोड कामगार मुकादमाकडून उचल घेऊन गाव सोडतात. तेथे पती-पत्नी मिळून एक कोयता मानला जातो. अशा घरातून आलेल्या विद्यार्थिनीला नामदेवांचे वैराग्य समजेल. परंतु राजाईने उसना परीस का घेतला, हे तिला अधिक लवकर समजेल.

समारोप

दृष्टान्तात परीस गुणवाचक आहे, कथेत तो सामाजिक आहे. महिपतींनी राजाईला कथेतून वगळले नाही, हे त्यांचे मोठेपण होय. तिच्या हाती परीस आल्याशिवाय ही कथा घडूच शकत नाही. म्हणून नामदेवांच्या त्यागाचे मूल्यमापन करताना राजाईच्या गरजेचेही मूल्यमापन होणे आवश्यक आहे. संपत्तीचा मोह सोडण्याचा उपदेश आणि पोटापुरत्या अन्नाचा हक्क या दोन भिन्न गोष्टी आहेत, हा विवेक राखला तरच संतसाहित्याचे अध्यापन आजच्या विद्यार्थ्यापर्यंत पोहोचेल.