बिली गेला, मग गावाचं काय झालं?

'बिली एलियट' न आवडलेला माणूस मला अजून भेटलेला नाही. खाणकामगाराचा अकरा वर्षांचा पोरगा बॉक्सिंग शिकायला जातो, बॅलेच्या क्लासमध्ये रमतो आणि शेवटी लंडनच्या रंगमंचावर झेप घेतो. गाव सोडून हिंजवडीत आलेल्या माझ्यासारख्यांना ही थेट आपलीच गोष्ट वाटते. म्हणूनच मला तिच्यावर थोडा संशय आहे.

स्टीफन डॉल्ड्रीच्या या सिनेमातलं (२०००) एव्हरिंग्टन हे गाव काल्पनिक आहे. पण बरंचसं शूटिंग झालं ते इझिंग्टन कॉलिअरी या खऱ्या गावात. इंग्लंडच्या ईशान्येला, डरहम काउंटीत, अगदी समुद्राला लागून. कॉलिअरी म्हणजे कोळशाची खाण. म्हणजे गावाच्या नावातच खाण. १८९९ साली इथे खाणीचा खड्डा खणायला घेतला. वाटेत पाण्याने भरलेले वाळूचे थर लागले, आणि पहिला कोळसा वर यायला १९१० उजाडलं. विटांच्या घरांच्या रांगा, कामगारांचा क्लब, दुकानं, सगळं त्या खड्ड्यामागोमाग आलं. २९ मे १९५१च्या पहाटे खाणीत स्फोट झाला. बचावाला उतरलेले दोघे धरून ८३ माणसं गेली. खाण मात्र चालूच राहिली, समुद्राच्या तळाखालून आणखी पुढे पुढे.

सिनेमा घडतो १९८४-८५च्या संपात. थॅचर सरकारच्या काळात तोट्यातल्या वीस खाणी बंद करायचं ठरलं आणि देशभरातले खाणकामगार वर्षभर घरी बसले. यातला बापाचा प्रसंग मला आजही हलवतो. पोराला ऑडिशनला पाठवायला पैसे नाहीत, म्हणून संपातला हा माणूस संपफोड्यांच्या बसमध्ये चढतो. खऱ्या इझिंग्टनमध्ये ऑगस्ट १९८४मध्ये एका, फक्त एका कामगाराला आत नेण्यासाठी पोलिसांची फौज आली होती आणि अख्खं गाव रस्त्यावर उतरलं होतं. हे वाचल्यावर तो प्रसंग पुन्हा बघा. बाप त्या बसमध्ये नुसता कामाला चाललेला नाही, तो स्वतःच्याच गावातून उठून चाललाय.

इतकं सगळं कळणारा सिनेमा शेवटी मात्र एक उडी मारतो. बिलीची निवड झाल्याची बातमी येते आणि त्याच वेळी संप मोडतो. बिली गाव सोडतो, बाप आणि भाऊ पाळण्यात बसून खाणीत उतरतात. आणि एकदम चौदाएक वर्षांनंतरचं लंडन! म्हातारा बाप थिएटरात बसलाय, हंस झालेला बिली झेपावतो, डोळ्यांत पाणी, समाप्त. मधल्या वर्षांत, १९९३ साली, इझिंग्टनची खाण कायमची बंद झाली. सुमारे १४०० नोकऱ्या गेल्या. मग बाप आणि टोनी जगले कशावर? कोडमधली त्रास देणारी ओळ आपण कमेंट करून टाकतो आणि प्रोग्रॅम झक्कास चालतो, तसं झालंय हे.

केन लोचचा 'द ओल्ड ओक' (२०२३) बरोबर त्या गाळलेल्या जागेत शिरतो. शूटिंग त्याच किनारपट्टीवर, मर्टन, हॉर्डन आणि इझिंग्टनमध्ये. साल २०१६. गावात शेवटचा एक पब उरलाय, त्याच्या पाटीवरचं अक्षरही धड जागेवर राहत नाही. परदेशी कंपन्या न बघताच घरं मातीमोल भावाने लिलावात घेतात, त्यामुळे आयुष्यभराची कमाई घरात घातलेला म्हातारा अडकून पडतो. त्यातच बस भरून सीरियन निर्वासित येतात. गावकऱ्यांचा राग कुठून येतो ते लोच आधी घरांच्या भावातून दाखवतो, मग तो राग चुकीच्या दारावर कसा धडकतो ते दाखवतो. हा क्रम मला फार महत्त्वाचा वाटतो.

सिनेमा म्हणून हा 'बिली'पेक्षा कच्चाच आहे. पात्रं मध्येच युनियनचं पत्रक वाचल्यासारखी बोलतात. तासभर साचलेला कडवटपणा शेवटच्या काही मिनिटांत फुलं घेऊन दारात उभा राहतो, ते मला पटलं नाही. पण पबमालक टीजे आपल्या कुत्रीमुळे जीव द्यायचा कसा राहिला ते सांगतो, तेव्हा लोच कुठलंही भाषण करत नाही. तिचं नाव मारा. खाणकामगारांच्या बोलीत त्याचा अर्थ जिवलग सोबती.

पबच्या मागे एक बंद खोली आहे. भिंतींवर संपाच्या काळातले फोटो. संपात सगळे एकत्र जेवायचे, तसं जेवण टीजे आणि यारा ही सीरियन मुलगी त्या खोलीत पुन्हा सुरू करतात. याराकडे कॅमेरा आहे. एका प्रसंगात ती गावात काढलेले फोटो पडद्यावर दाखवते. बिलीचा बाप लंडनच्या थिएटरात बसून पोराकडे बघत होता. इथे गावातली माणसं पबच्या मागच्या खोलीत खुर्च्या मांडून स्वतःचेच चेहरे बघत बसलेली असतात. कुणी हसतं, कुणी शेजाऱ्याला कोपर मारून दाखवतं, बघ, हा तू.