दर्पणकारांचा जिल्हा

सहावी जानेवारी आली कीं आमच्या सिंधुदुर्गांत बाळशास्त्री जांभेकरांच्या नांवाचा जयघोष होतो, आणि तो यथायोग्यच आहे. देवगड तालुक्यांतील पोंभुर्ल्याच्या या विद्वानानें १८३२ सालीं याच दिवशीं मुंबईस 'दर्पण' पत्र काढलें. शेजारशेजारच्या रकान्यांत मराठी व इंग्रजी मजकूर देऊन राज्यकर्ते व रयत यांस एकमेकांचें मुख दाखवावें, अशी ती योजना होती. पत्र १८४० मध्यें बंद पडलें. परंतु त्यानें घालून दिलेली कसोटी कायम आहे. त्या कसोटीस आजचें आमचें जिल्ह्याचें पान कितपत उतरतें?

पान रोज निघतें. मात्र त्यांतील बराच भाग शुभेच्छा, सत्कार, भूमिपूजनें आणि पुढाऱ्यांचीं परस्परांस प्रत्युत्तरें यांनींच व्यापलेला असतो. अल्प मानधनावर गांवोगांव फिरणाऱ्या वार्ताहरांस आम्ही दोष देत नाहीं. ज्यांच्या जाहिरातींवर पान चालावयाचें, त्यांच्याच कारभाराची झडती त्यानें घ्यावी, ही अपेक्षाच अवघड आहे.

याचा परिणाम काय होतो, तें मालवणास दिसलें. राजकोट येथील शिवछत्रपतींच्या पुतळ्याचें अनावरण ४ डिसेंबर २०२३ रोजीं झालें. २६ ऑगस्ट २०२४ रोजीं तो कोसळला. नटबोल्ट गंजत असल्याचें पत्र सार्वजनिक बांधकाम खात्यानें २० ऑगस्ट रोजींच नौदलाकडे धाडलें होतें. पण त्याची वाच्यता सर्वत्र झाली ती पुतळा पडल्यावर. मग देशभरचे कॅमेरे किनाऱ्यावर लोटले. काम कोणाचें, देखरेख कोणाची, हे प्रश्न पुतळा उभा असतांना नेटानें विचारले जाते, तर कदाचित् ही नामुष्की टळती.

कोणी म्हणतील, आतां मोबाईलवर बातमी क्षणांत कळते. ती कळते खरी. पण कागद मागणें, निविदा वाचणें, नगरपरिषदेच्या सभेस शेवटपर्यंत बसणें आणि उत्तर न मिळाल्यास चौथ्या दिवशीं पुन्हां जाणें, हें काम ज्याच्या पोटापाण्याची सोय आहे अशा जाणत्या माणसाचें आहे. ती सोय कोणीं करावयाची? येथें आम्ही सुशिक्षित म्हणविणारे वाचकच दोषी ठरतों. गांवच्या साप्ताहिकाची वर्गणी देतांना आम्ही कांकूं करतों आणि अंक मात्र शेजाऱ्याकडून मागून वाचतों. जें पत्र वाचक पोसत नाहींत, तें दुसरा कोणी पोसतो, आणि मग तें त्याचेंच मुख दाखवितें. येत्या सहाव्या जानेवारीस जांभेकरांच्या प्रतिमेस हार घालण्यापूर्वीं प्रत्येक घरानें एका स्थानिक पत्राची वर्षाची वर्गणी भरावी, एवढीच आमची विनंती आहे.